आक्कांच्या चटणीत गूळ

१

मजकूर चोरीला गेल्याची बातमी आली तेव्हा शेवंताबाई बनगे वही शोधत होत्या.

वही साधी नव्हती. शेवंताबाईंची शाळा चौथीत सुटली होती. वाचायला त्या शिकल्या कोल्हापूरच्या मंगळवार पेठेतल्या छापखान्यात, पानं जुळवता जुळवता, लग्नपत्रिका आणि निवडणुकीची पत्रकं वाचून. जो शब्द नवा दिसेल तो वहीत उतरवायचा आणि त्याच्यापुढं त्याची भावंडं. चव, रुची, लज्जत, खुमारी. तीस वर्षांत वही जाडजूड झाली. छापखाना बंद पडला, पण पेठेतल्या दुकानदारांना जाहिराती लागतच होत्या, आणि त्या लिहायच्या तर शेवंताबाईंनीच, हे सगळ्यांना माहीत होतं. एका जाहिरातीत एकच शब्द दोनदा आला की त्या वही उघडत. कुठल्या शब्दाला किती भावंडं हे वहीत होतं. कुठलं भावंड कुठल्या घरात नांदतं, हे मात्र फक्त त्यांच्या डोक्यात होतं.

वही नेहमी टेबलाच्या खणात असायची. आज ती सापडली पिठाच्या डब्यावर.

"काय रं, वही काय पायानं चालत गेली व्हय?" त्यांनी आतल्या खोलीकडं तोंड करून विचारलं.

आत त्यांचा मुलगा प्रसेनजीत कानात फोनचे बोळे घालून लॅपटॉपवर कंपनीचं काहीतरी काम करत होता. तिशीचा गडी. नुसती मान हलवली. शेवंताबाईंनी आपल्याच वयाला दोन शिव्या घातल्या आणि वही खणात टाकली.

तेवढ्यात बाहेरच्या कट्ट्यावर चपला वाजल्या. शेजारच्या गल्लीतल्या आक्कांचा मुलगा विश्वजित धापा टाकत उभा होता.

"मावशी, घात झाला!"

"बस आधी. आता बोल."

आक्का म्हणजे कांदा-लसणाची चटणी, हे पेठेत लहान पोरसुद्धा सांगेल. त्यांच्याबरोबर गल्लीतल्या अकरा बायका निवडायला, भाजायला, कुटायला असतात. पण काम उन्हाळ्याचं, चार महिने चालतं आणि मग आठ महिने हात रिकामे. यंदा पुण्याच्या एका मोठ्या दुकानानं बारा महिने चटणी मागितली होती. अट एकच होती. पिशवीवर चटणीची गोष्ट छापायची, आणि ती अस्सल पाहिजे. ती गोष्ट शेवंताबाईंनी लिहिली आणि विश्वजितनं सोमवारी पुण्याला पाठवली.

आज बुधवार. विश्वजितनं फोन पुढं केला. दुकानाच्या अनुजाबाईंचा निरोप होता: "हाच मजकूर 'राजवीर मसाले' यांच्या वेबसाइटवर शनिवारपासून आहे. शब्द वेगळे, बाकी जवळजवळ सगळं तेच. आम्ही चोरलेली गोष्ट छापत नाही. आज चारपर्यंत खुलासा आला नाही तर ऑर्डर दुसरीकडे जाईल."

खाली पहिल्या परिच्छेदाचा फोटो होता. शेवंताबाईंनी चष्मा लावला.

त्यांनी लिहिलं होतं, "कोल्हापूरच्या आक्कांची झणझणीत चटणी. कुटायला घेतली की अख्ख्या गल्लीला ठसका लागतो."

फोटोत होतं, "करवीरनगरीच्या काकींचं कानातनं वाफ काढणारं तोंडीलावणं. चूर्ण करण्यास घेताच समग्र वसाहतीस खोकला होतो."

"खोकला!" शेवंताबाई ओरडल्या. "चटणी विकतोय का सरकारी दवाखाना काढतोय?"

"मावशी, हसू नका. आई रडतीया. आणि लोकं म्हणायला लागल्यात..." विश्वजित अडखळला.

"काय म्हणत्यात?"

"एकच मजकूर तुम्ही दोघांस्नी दिला म्हणून."

शेवंताबाईंचा चेहरा तापलेल्या तव्यासारखा झाला. लिहिलेलं परत दुसऱ्याला विकणारे लोक त्यांना ठाऊक होते. दुसऱ्याच्या अंगातला सदरा ओढून घ्यायचा, उलटा करून घालायचा आणि नवा शिवला म्हणून मिरवायचं, हा धंदा आता शहरभर चालला होता. पण तसलं बोट आपल्याकडं?

त्यांनी पुढची ओळ वाचली.

"मलकापूरच्या कृषिभूमीतून वेचलेली मिरची."

शेवंताबाईंनी विश्वजितकडं पाहिलं. वरपासून खालपर्यंत पाहिलं.

२

घाटाकडच्या मलकापूरला पाऊस असा की कपडे चार दिवस वाळत नाहीत, मिरची कुठली वाळणार! आक्कांची मिरची येते ब्याडगीची आणि संकेश्वरची. मलकापूर हे खोटं होतं, आणि ते शेवंताबाईंनी मुद्दाम लिहिलेलं होतं.

ही त्यांची छापखान्यातली खोड. गिऱ्हाईक कच्चा मजकूर न वाचताच "बेस्ट हाय" म्हणतं आणि छापून झाल्यावर बोंब मारतं. म्हणून त्या प्रत्येक कच्च्या प्रतीत एक धडधडीत खोटी गोष्ट घालत. ती ज्यानं पकडली, त्यानं वाचलं. ज्यानं पकडली नाही, त्याला परत वाचायला बसवायचं, वेळ असला तर. पक्क्या मजकुरातून ती निघून जाई. यावेळी त्यांनी स्वतःच्या हातानं तीन कच्च्या प्रती लिहिल्या होत्या, तिघांना तीन, आणि प्रत्येकीत वेगळी खोटी गोष्ट.

मलकापूर फक्त विश्वजितच्या प्रतीत होतं.

"विश्वा, मी दिलेला लखोटा कुठाय?"

"कुठला?"

"कच्चा मजकूर. गेल्या बुधवारी ह्याच कट्ट्यावर बसून घेऊन गेलास. शुक्रवारी 'मावशी, कडक लिवलंय' म्हणालास."

विश्वजितचे कान लाल झाले. तो गाडीकडं गेला आणि डिकीतून लखोटा काढून घेऊन आला. लखोट्यावर तेलाचा डाग होता, पण चिकटपट्टी जशीच्या तशी. तिच्यावर शेवंताबाईंनी आडवी मारलेली सहीसुद्धा अखंड होती.

"उघडलासुद्धा न्हाईस?"

"तुम्ही लिवलंय म्हंजे चांगलंच असणार की मावशी. वाचायचं काय त्यात?"

शेवंताबाईंना त्याला मिठी मारावी की थोबाडावं ते कळेना. न उघडलेला लखोटा म्हणजे विश्वजित सुटला. पण मग मलकापूर बाहेर गेलं कसं?

"गाडी काढ," त्या म्हणाल्या. "आदर्शकडं चल."

३

आदर्श लेबलं बनवायचा. दुकान बोळात, समोर दोन संगणक, मागं कागदांचा ढीग. दुसरी कच्ची प्रत त्याच्याकडं होती. त्यात शेवंताबाईंनी लिहिलं होतं की आक्कांनी पहिली चटणी वयाच्या पाचव्या वर्षी कुटली. डंकावर, म्हणजे लोखंडी मुसळं धाडधाड आपटणाऱ्या त्या यंत्रावर, पाच वर्षांच्या पोरीला कोण उभं करेल? आदर्शला ते काही दिसलं नव्हतं. त्यानं "मावशी, ओके" असं उत्तर दिलं होतं.

"राजवीर मसाले काढ आणि सगळं छापून दे," शेवंताबाई म्हणाल्या.

"मावशी, शप्पथ, मी न्हाय हं. माझ्याकडची प्रत बघा, त्या चिमट्यात अजून तशीच लटकलीया."

"तू हायस का न्हाईस ते मी सांगते. छाप."

कागद यंत्रातून बाहेर आला. शेवंताबाईंनी बोट ठेवून एकेक ओळ वाचली. मधे बोट थांबलं.

"आयुष्याच्या पाचव्या वर्षी काकींनी प्रथम तोंडीलावणं चूर्ण केलं."

"हे तुझं," त्या म्हणाल्या.

आदर्शनं वाचलं आणि चिमट्यातली प्रत ओढून तीही वाचली. "पाचव्या? मावशी, हे... हे तर अशक्य हाय की."

"आत्ता दिसलं तुला! आठ दिवस प्रत डोळ्यांपुढं टांगून ठेवलीस, तवा काय झोपला हुतास?"

"मग मावशी, चोर ह्योच!" विश्वजितनं मूठ वळली.

"गप रं. तुझं मलकापूर ह्याच्याकडं कुठनं येईल? तुमच्यात बोलणं तरी हाय का?"

नव्हतं. लेबलाच्या रंगावरून दोघांचं महिन्यापूर्वी वाजलं होतं, आणि आताही दोघं दोन दिशांना तोंडं करून उभे होते.

शेवंताबाईंचं बोट खाली सरकत शेवटच्या ओळीवर आलं आणि तिथं असं थांबलं की आदर्शनं पंखा बंद केला.

"अंतिमतः गुळाचा तुकडा."

चटणीत गूळ! तिसरी खोटी गोष्ट. ती होती आक्कांच्या प्रतीत. आक्कांनी ती तेव्हाच पकडली होती. एवढंच नाही, तर लाटणं हातात घेऊन गल्ली ओलांडून आल्या होत्या आणि "शेवंते, चटणीत गूळ? तुझं डोस्कं फिरलं काय?" म्हणून कट्ट्यावर उभ्या राहून ओरडल्या होत्या. प्रत त्यांनी तिथंच टराटरा फाडली होती.

एक प्रत बंद लखोट्यात. एक चिमट्यात. एक फाडलेली. आणि तिन्ही खोट्या गोष्टी एकाच मजकुरात.

जगात असा एकच कागद होता, ज्याच्यावर तिन्ही एकत्र होत्या. जुन्या कॅलेंडरच्या पाठीवर लिहिलेला मूळ खर्डा. त्याच्यावर शेवंताबाईंनी तिन्ही खोट्या गोष्टींभोवती लाल शाईनं गोल काढून त्यांना आकडे दिले होते, कुठलं खोटं कुणाला द्यायचं ते विसरू नये म्हणून. तो कागद त्यांनी कुणालाही दिला नव्हता.

"मावशी," विश्वजित हळूच म्हणाला, "म्हंजे... तिन्ही फकस्त तुम्हालाच ठावं हुतं?"

आदर्श आणि विश्वजित महिन्याभरात पहिल्यांदा एकमेकांकडं बघत होते. आणि मग दोघांनी मिळून शेवंताबाईंकडं पाहिलं.

४

"पावणं, या, बसा!" हंबीररावांनी मोठ्यानं स्वागत केलं. राजवीर मसाल्याचे ते मालक. कंपनीला नातवाचं नाव, पोटाला मोठा पट्टा, आवाज स्टेडियममधला.

शेवंताबाई बसल्या नाहीत. घड्याळात तीन वाजत आले होते.

"हंबीरराव, तुमच्या चटणीत गूळ असतोय काय?"

"गूळ?" हंबीरराव हसले. "बाई, कोल्हापुरात राहता ना? चटणीत गूळ कोण घालंल! असलं बोलणाऱ्याला गावाबाहेर काढतील."

"मग निघा." त्यांनी कागद टेबलावर आपटला. "तुम्हीच लिवलंय."

हंबीररावांनी कागद हातात घेतला. वाचत गेले तशी त्यांच्या ओठांवरची मिशी खाली यायला लागली.

"समग्र वसाहतीस खोकला? आणि ही काकी कोण? आमच्यात काकीच न्हाय कुणी! मलकापूर? अगं आई गं, माझी मिरची मलकापूरची? व्यापारी हसतील माझ्यावर!" त्यांनी घंटी बडवली. "हे कुणी घातलं वेबसाइटवर?"

"तुम्ही वाचलं नव्हतं?"

"मी कशाला वाचू? जयसिंगपूरच्या एजन्सीला काम दिलंतं. मजकूर आला, 'घाला' म्हटलं."

"एजन्सीनं कुणाकडनं लिहून घेतलं?"

"मला काय ठावं. त्यांची घरबसल्या काम करणारी पोरं असत्यात. दिवसाला वीस-वीस मजकूर पाडत्यात म्हणं." त्यांनी फोन उचलला आणि आतल्या माणसाला असा आवाज दिला की फोनची गरज नव्हती. "काढ ते! आत्ताच्या आत्ता काढ! खोकला म्हणं!"

चोरी केलेला माणूसच चोरीवर चिडलेला शेवंताबाईंनी पहिल्यांदा पाहिला. एरवी त्या पोट धरून हसल्या असत्या. पण त्यांचं लक्ष कागदावरच होतं, अगदी पहिल्या ओळीवर.

कानातनं वाफ काढणारं.

त्यांनी लिहिलं होतं "झणझणीत". झणझणीतला शब्दकोशात चारपाच शब्द मिळतील. जहाल मिळेल, तिखटजाळ मिळेल. पण कानातनं वाफ काढणारं? हे त्यांची आई म्हणायची. आईला जाऊन वीस वर्षं झाली. ती शेतावर भाकरीबरोबर ठेचा खाताना कानाला हात लावून म्हणायची. तो शब्द शेवंताबाईंनी एकाच जागी लिहून ठेवला होता. वहीत. "झणझणीत" या शब्दापुढं, दुसरा.

त्यांनी घाईनं पुढचे शब्द पाहिले. चटणीला तोंडीलावणं, वहीत दुसरं. अख्ख्याला समग्र, वहीत दुसरं. गल्लीला वसाहत, वहीत दुसरं. लिहिणाऱ्यानं कुठला शब्द कुठं शोभतो याचा क्षणभर विचार केला नव्हता. वही उघडायची, दुसरा शब्द उचलायचा, पुढं.

वही घराबाहेर कधी जात नाही. येणारा माणूस कट्ट्यावर बसतो, कारण आत दोनच खोल्या, आणि तिसऱ्याला पाय ठेवायला जागा नाही. विश्वजित कट्ट्यावर. आक्का कट्ट्यावर. आदर्शकडं त्या स्वतः गेल्या होत्या.

वही खणातून पिठाच्या डब्यावर गेली होती.

"बाई, पाणी देऊ का?" हंबीरराव घाबरून म्हणाले. "तुमचा चेहरा बघा कसा झालाय."

"नको," शेवंताबाई म्हणाल्या. "मला घरला जायाचंय."

५

प्रसेनजीत आत्ता कुठं जेवायला बसला होता. समोर भाकरी, वांग्याची भाजी आणि बशीत आक्कांचीच चटणी. शेवंताबाईंनी वही त्याच्या ताटाशेजारी ठेवली. वहीत घडी करून खुपसलेला कॅलेंडरचा कागद होता. तीन लाल गोल. सकाळी त्यांनी वही उघडली असती तर खेळ तिथंच संपला असता.

"हे कंपनीचं काम?"

त्यानं कानातले बोळे काढले. कागद पाहिला. आईचा चेहरा पाहिला. घास हातातच राहिला.

"आई, ते... टेबलावर पडलंतं. कॅलेंडरच्या मागं लिवलेलं. मला वाटलं जुनं हाय, टाकून देणार हायस. एजन्सीला चटणीवर मजकूर पायजे हुता, तासात. वीस हुते त्या दिवशी. शब्द बदललं की नक्कल तपासणाऱ्या मशीनला दुसरा मजकूर वाटतोय, पकडत न्हाय. सगळेच करत्यात."

"आणि लाल गोल?"

"मला वाटलं तेवढं मागनं वाढवायचं ठरवलंयस. म्हणून तेबी घातलं."

"चटणीत गूळ घातलास! कोल्हापुरात जन्मून! रोज दोन वेळा ही चटणी खाऊन!"

"वाचायला वेळ कुठं असतोय, आई? शब्द बघायचं, बदलायचं, पाठवायचं."

"माझं अक्षर तरी ओळखलंस का न्हाई?"

"ओळखलं की." तो खाली मान घालून म्हणाला. "म्हणून तर तेच घेतलं. तुझं चांगलं असतंय."

"कुणी सांगितलं तुला?"

"सगळे म्हणत्यात."

"तू कधी वाचलंयस?"

त्यानं हातातला घास ताटात परत ठेवला. बाहेर कुणीतरी गाडीला किक मारत होतं, ती चालू होत नव्हती.

शेवंताबाईंना राग आला होता आणि तो कुठं टाकावा ते कळत नव्हतं. तीस वर्षं गावाला वाचायला लावलं. गिऱ्हाइकांना फसवून फसवून वाचायला लावलं. आणि घरातल्या पोरानं आईचं लिहिलेलं एक पान वाचलं नाही. चोरतानासुद्धा नाही.

भिंतीवरचं घड्याळ तीन वाजून चाळीस मिनिटं दाखवत होतं. त्यांनी फोन घेतला. एजन्सीचं नाव सांगून मोकळं होता आलं असतं. ते खोटंही नव्हतं. पण अर्धं सांगणं त्यांना कधी जमलंच नव्हतं.

"अनुजाबाई, मी शेवंताबाई बनगे, आक्कांची गोष्ट लिहिणारी. चोरी माझ्या घरातनं झाली. माझ्या मुलानं केली. आक्कांचा आणि विश्वजितचा त्यात केसाएवढा संबंध नाही. पुरावा म्हणून एक बंद लखोटा, एक प्रत आणि तीन लाल गोल पाठवते. मला काय शिक्षा द्यायची ती द्या. मजकुराखालचं माझं नाव काढलंत तरी चालेल. अकरा बायकांचं काम काढू नका."

मग अनुजाबाईंनी विचारलं, "पण मुलानंच केली, हे कशावरून?"

शेवंताबाईंनी सगळं सांगितलं. मलकापूर, पाचवं वर्ष, गूळ, आणि आईची वाफ. गुळापर्यंत येता येता पलीकडून हसू ऐकू यायला लागलं.

"राजवीरवाल्यांनी मजकूर काढलाय, मी आत्ताच पाहिलं," अनुजाबाई म्हणाल्या. "कागद पाठवा. ते आले की ऑर्डर पक्की समजा. आणि नाव कशाला काढायचं? एक विचारू? 'झणझणीत'च्या जागी ती कानातली वाफ घालता येईल का? ते मला फार आवडलं."

शेवंताबाईंनी डोळे पुसले. "येईल. तसंच म्हणायची माझी आई."

६

एजन्सी प्रसेनजीतनं त्याच संध्याकाळी सोडली. पण शेवंताबाईंचं एवढ्यावर भागलं नाही. पुढचे पंधरा दिवस त्याला सकाळी सातला आक्कांच्या अंगणात हजर व्हायला लागलं. मिरचीची देठं खुडायची, खोबरं भाजायचं, पाट्या डंकावर न्यायच्या. पहिल्या दिवशी तो शिंकून शिंकून बेजार झाला.

"समग्र वसाहतीस खोकला!" अकरा बायका एका सुरात ओरडल्या आणि हसून हसून लोळायच्या बाकी राहिल्या.

आक्कांनी त्याला माफ केलं ते तिसऱ्या दिवशी, पण गुळाचा खडा रोज त्याच्या हातावर ठेवायच्या. "घे बाळा, तुझ्या चटणीतला."

हंबीररावांनी स्वतः येऊन मजकूर मागितला. "माझा खराखुरा पायजे, काकी नको," म्हणाले. शेवंताबाईंनी लिहिला, पण आधी त्यांच्या कारखान्यात दोन दिवस बसून, आणि खर्डा टेबलावर ठेवून त्या भाकऱ्या थापायला आत गेल्या.

चुलीपाशी त्यांना बाहेरून आवाज आला. प्रसेनजीत वाचत होता. मोठ्यानं, सावकाश, बोट ठेवून. एका जागी तो थांबला, मागं गेला, परत वाचलं.

"आई!" तो म्हणाला. "कारखाना उघडला तवा हंबीरराव चौदा वर्षांचे हुते, असं लिवलंयस. आन् वर म्हटलंयस, लग्नानंतर दोन वर्षांनी उघडला."

शेवंताबाईंनी तव्यावरची भाकरी उलटली. ती टम्म फुगली होती.

"मग?"

"मग काय! ह्यात एक खोटं हाय."

"ये," त्या म्हणाल्या, "गरम हाय तवर जेवून घे."